जीवन आपोआप उगवतं, मग वाडी कोणी शिंपायची?

पत्राचा गोषवारा

श्रीवर्धन तालुक्यातून एका वाचकांचं पत्र आलं आहे. ओळख पटेल असे तपशील गाळून ते थोडक्यात देते. वय सत्तेचाळीस, पतपेढीत नोकरी, घरी आई, पत्नी आणि बारावीतली मुलगी. 3 जून 2020 च्या निसर्ग चक्रीवादळात त्यांची माड-पोफळीची वाडी जवळजवळ सगळी आडवी झाली. वडिलांनी सत्तरी ओलांडल्यावर पुन्हा कंबर कसली, पडलेली खोडं काढून अर्ध्या वाडीत हळूहळू नवी रोपं लावली. दुसऱ्या अर्ध्याला हात लागण्याआधीच, दोन वर्षांपूर्वी, ते गेले. त्या पडीक अर्ध्यात पाटाच्या कडेकडेने पोफळीची रोपं कुणी न लावता उगवून आली. ती बघत असताना एका पहाटे या वाचकांना एक विचार सुचला. त्याचं नाव त्यांनी ठेवलं ‘आपजन्म’. जीवनाला कुणी जन्म देत नाही, ते क्षणोक्षणी स्वतःच स्वतःला जन्म देतं. हे कधीच थांबत नाही. म्हणून मरण नावाची गोष्टच नाही. यावर सहा वह्या भरल्या आहेत. तेव्हापासून वडिलांचं वर्षश्राद्ध झालेलं नाही, कारण ‘बाबा गेलेलेच नाहीत’. उरलेली लागवड थांबली आहे, कारण ‘उगवायचं ते उगवेलच’. वाडी विकत मागणाऱ्या मुंबईच्या पार्टीला होकार नाही की नकार नाही. पत्नी म्हणते, तुमच्या आपजन्माने घरात सिलिंडर येत नाही. आई काही बोलत नाही. पावसाळा सरला की रोज सकाळी उठून बाबांनी लावलेल्या रोपांना पाणी सोडते आणि घरात येते. वाचक विचारतात: माझा विचार खरा आहे का? पुस्तक छापू का? घरच्यांना कसं पटवू? आणि विश्वास नसताना यंदा म्हाळ घालायचा का?

उत्तर

नमस्कार.

तुमचं पत्र अकरा पानी आहे. त्यातली साडेनऊ पानं आपजन्मावर आणि उरलेल्या दीड पानात आई, पत्नी, मुलगी, वाडी आणि वडील. माझा जीव त्या दीड पानात जास्त अडकला, हे आधीच सांगते. तरी सुरुवात तुमच्या पहिल्या प्रश्नापासून करते. त्याला बगल दिली तर पुढचं काही तुम्ही मनावर घेणार नाही, आणि ते बरोबरच आहे. माणूस एवढं मनापासून काही मांडतो तेव्हा त्याला आधी त्या मांडणीवरच उत्तर मिळालं पाहिजे.

तर विचार वेडगळ नाही. ‘जगात आजवर कुणीच असं म्हटलेलं नाही’ हे तुमचं वाक्य मात्र खोडा. तैत्तिरीय उपनिषदात ‘तदात्मानं स्वयमकुरुत’ असं म्हटलं आहे, म्हणजे त्याने स्वतःच स्वतःला घडवलं. ज्ञानेश्वरांनी अमृतानुभवात चिद्विलास मांडला तो याच अंगाचा: दिसणारं जग कुणी बाहेरून घडवलेली वस्तू नाही, चैतन्यच नाना रूपांनी नटून स्वतःला पाहतं आहे. आणि फार मागे जायचं नसेल तर 1970च्या दशकाच्या सुरुवातीला चिलीतले दोन जीवशास्त्रज्ञ, हुंबेर्तो मातुराना आणि फ्रान्सिस्को वारेला, यांनी सजीव कशाला म्हणावं याचं उत्तर असं दिलं की जी रचना स्वतःचे घटक स्वतः बनवत राहते आणि ते घटक पुन्हा तीच रचना उभी ठेवतात, ती सजीव. ‘ऑटोपोएसिस’ हे त्यांनी दिलेलं नाव. म्हणजे तुम्ही एकटे नाही, चांगल्या संगतीत आहात. कुणालाच कधी न सुचलेला विचार आपल्याला पहाटे सुचला असं वाटलं की मला तरी थोडी धास्तीच वाटते.

तुमचं पहिलं म्हणणं बऱ्याच अंशी टिकतं. 1860च्या सुमारास लुई पाश्चरने बाकदार मानेच्या चंबूत यीस्टचं साखरपाणी उकळून ठेवलं. हवा आत जात होती, पण हवेतली धूळ त्या वळणात अडकत होती. पाणी नासलं नाही. मान मोडून धूळ आत जाऊ दिल्यावर नासलं. जीव येतो तो जीवातूनच. आणि पृथ्वीवरच्या जीवनाच्या खुणा निदान साडेतीनशे कोटी वर्षांपूर्वीपर्यंत मागे जातात. एवढ्या काळात तुमच्या-माझ्यापर्यंत येणारा धागा एकदाही तुटलेला नाही. तुटला असता तर हे पत्र लिहायला तुम्ही नसता. मात्र त्या पहिल्या जीवाआधी काय होतं, तिथे जीव निर्जीवातून घडला की कसा, हा प्रश्न तुमच्या वह्यांमध्ये नाही. तो घ्या, विचार भक्कम होईल.

दुसरं म्हणणं, ‘कधीच थांबत नाही’, हे मी तूर्त बाजूला ठेवते. आजवर थांबलं नाही आणि कधीच थांबणार नाही यांत फार मोठं अंतर आहे. 6.6 कोटी वर्षांपूर्वी डायनोसॉर गेले. पक्ष्यांच्या रूपाने त्यांची एक शाखा उरली, बाकीचे पुन्हा आले नाहीत.

खरी अडचण तिसऱ्यात आहे. ‘म्हणून मरण नाही.’ हा ‘म्हणून’ कुठून आला?

मातुराना-वारेलांच्या मांडणीत एक बारीक पण महत्त्वाची गोष्ट आहे. पेशी जे जे बनवते त्यात तिचं स्वतःचं आवरणही असतं. ते आवरण आहे म्हणून आत-बाहेर आहे, आत-बाहेर आहे म्हणून आतलं काम चालतं, आणि आतलं काम चालतं म्हणून आवरण टिकतं. तुमच्या वाडीचा गडगा डोळ्यांसमोर आणा. चिरे ढासळले, गुरं आत शिरली, की काही दिवसांत ती वाडी राहत नाही, नुसती जमीन उरते. फरक एवढाच की पेशी स्वतःचा गडगा स्वतः घालते, रोज डागडुजी करते. तेव्हा स्वतःला घडवणारं जीवन हे नेहमी कुणीतरी एक असतं: ही पेशी, ही पोफळ, हा माणूस. ज्याला हद्द नाही असं नुसतं ‘जीवन’ स्वतःला घडवताना आजवर कुणी पाहिलेलं नाही. आणि हद्द आहे तिथे शेवट आहे. तुमचाच सिद्धांत नीट धरला तर मरण त्याच्या आत येतं, बाहेर राहत नाही.

आणखी एक. तुम्ही लिहिता, शरीर सतत नवं होतं, मग जुनं शरीर गेलं तर गेलं काय? थोडं खरं आहे. रक्तातली तांबडी पेशी साधारण 120 दिवस जगते, आतड्याचं आतलं अस्तर काही दिवसांतच बदलतं. पण डोळ्यातल्या भिंगाचा अगदी मधला भाग आईच्या पोटात असताना जो घडतो तो जन्मभर तसाच राहतो. दाताचं वरचं कवच एकदा झालं की पुन्हा होत नाही. मेंदूच्या बाह्यपटलातल्या बहुतेक चेतापेशी आपल्याच वयाच्या असतात. म्हणजे ज्या भिंगातून तुमच्या वडिलांनी लहानपणी ही वाडी पाहिली, त्याचा गाभा शेवटपर्यंत तोच होता, आणि तो आता नाही. तो पुन्हा कशातूनही उगवत नाही. हे वाचायला कठीण जाईल, पण तुम्ही खरं-खोटं विचारलंत म्हणून लिहिते.

आता एक प्रश्न. विचार सुचला ती पहाट कोणती होती, हे तुम्ही पत्रात लिहिलं आहे: वर्षश्राद्धाच्या आठवडाभर आधीची. गुरुजींना निरोप द्यायचा होता, आईने यादी काढायला सांगितली होती आणि तुम्ही पहाटे पडक्या वाडीत जाऊन उभे राहिलात. वडिलांचं वर्ष घालायच्या तोंडावर मरणच नसल्याचा शोध लागतो, याचं तुम्हाला काहीच वाटत नाही का? विचार दुःखातून आला म्हणजे खोटा, असं मी म्हणत नाही. पुष्कळ मोठे विचार तिथूनच आले आहेत. पण तुमच्या तिसऱ्या वाक्यातला ‘म्हणून’ वहीत सापडत नाही, तेव्हा तो बहुधा त्या पहाटेचा आहे.

आणि ती रोपं. तुमच्या सगळ्या सिद्धांताचा पुरावा ती रोपं आहेत, म्हणून मी त्या परिच्छेदावर परत परत गेले. सुपारी पडते, पावसात रुजते, ती पडीक जागेत कुठेही रुजेल. तुमच्याकडेही पहिल्या पावसात सगळीकडे रुजली असणार. पण तुम्ही लिहिता की रोपं ‘पाटाच्या कडेकडेने’ आहेत. कडेनेच का? पोफळीचं कोवळं रोप मार्च-एप्रिल-मेच्या उन्हात पाण्यावाचून टिकत नाही, दुपारनंतरचं ऊन तर त्याला थेट भाजून काढतं. बाकीच्या जागेतली रोपं उन्हाळ्यात गेली आणि पाटाजवळची राहिली, कारण पाटाला पाणी होतं. ते पाणी कोण सोडतं? याच पत्रात, सातव्या पानावर, एका ओळीत तुम्हीच सांगितलं आहे. आई रोज सकाळी बाबांच्या रोपांना पाणी सोडते. ते पाणी पडीक अर्ध्याच्या कडेनेच जात असणार आणि जाता जाता झिरपत असणार. मी तुमची वाडी पाहिलेली नाही, चूक असेन तर कळवा. पण उद्या सकाळी पाटाच्या बाजूने चालत जा आणि बघा, सगळ्यांत जोमदार रोपं कुठे आहेत ते. माझा अंदाज आहे, जिथे पाटाची कड फुटून पाणी बाहेर येतं तिथे.

सत्तरीतली बाई दोन वर्षं न बोलता शिंपणं करते आहे आणि मुलगा वहीत लिहितो आहे की रोपं आपोआप आली. हे मी तुम्हाला लाजवायला लिहीत नाही. मला वाटतं, तुमच्या आपजन्मातली सगळ्यांत मोठी फट इथे आहे आणि ती बुजवली तर विचार पहिल्यापेक्षा चांगला होईल. जीवन स्वतःला घडवतं असं तुम्ही म्हणता. ठीक. मग तुमची आई त्या जीवनाच्या बाहेर आहे का? तिच्या हातातला पाइप? तुमच्या वडिलांची कुदळ? जीवन जर स्वतःलाच घडवत असेल तर ते ज्या हातांनी घडवतं त्यांत तुमचेही दोन हात आले. तुम्ही हात बांधून बसलात तर जीवनाच्या मार्गातून बाजूला झालात असं होत नाही, त्याचे दोन हात कमी झाले एवढंच होतं.

दक्षिणेकडचा हापूस बघा. हापूसची कोय लावली तर हापूस येत नाही. येतं ते रायवळ झाड, कशाचं कसं निघेल सांगता येत नाही. म्हणून प्रत्येक हापूस हा दुसऱ्या हापूसची काडी घेऊन बांधलेलं कलम असतो, आणि ती काडी त्याच्या आधीच्या झाडाची. चारशे-पाचशे वर्षांपूर्वी पोर्तुगीज काळात गोव्याच्या बाजूला ही कलमं बांधायला सुरुवात झाली, तेव्हापासून तेच झाड एका खुंटावरून दुसऱ्या खुंटावर चालत आलं आहे. तुम्ही म्हणता तसं अखंड. पण मध्ये एक पिढी कुणी चाकू आणि सुतळी हातात घेतली नसती तर हापूस तिथेच संपला असता, आणि रायवळ झाडांना त्याचा पत्ताही लागला नसता. पोफळीचं तसं नाही, ती बियांवरच चालते. म्हणून तुमच्या वाडीतलं प्रत्येक झाड वेगळं आहे आणि कुठल्या झाडाची सुपारी बियाण्याला ठेवायची हे कळणारं माणूस लागतं. ते माणूस तुमच्या घरात आहे आणि तुमच्याशी बोलत नाही.

म्हाळाचं. तुमचा युक्तिवाद असा: बाबा गेलेलेच नाहीत, मग पिंड कुणाला? पण बाराव्याला सपिंडी तुम्ही स्वतः केलीत. आठवा, गुरुजींनी काय करायला लावलं. वडिलांच्या पिंडाचे तीन भाग केलेत आणि ते आजोबा, पणजोबा, खापरपणजोबा यांच्या तीन पिंडांत मिसळलेत. त्यानंतर वडील एकटे मृत उरत नाहीत, पितरांत जातात, आणि वरची एक पिढी पिंडाच्या हक्कातून पुढे सरकते. म्हणजे पुढचं मागच्यात विरतं, ओळ चालू राहते. तुमच्या सहा वह्यांत जे आहे त्याच्या बरंच जवळचं काही तुमच्याच हातांनी भाताच्या गोळ्यांनी झालं होतं. फरक एवढाच की त्या विधीत आधी माणूस गेल्याचं मान्य करावं लागतं. तुम्ही ती पायरी गाळलीत.

तेव्हा माझं मत विचाराल तर यंदा म्हाळ घाला. विश्वास असल्याचं सोंग करायची गरज नाही; आईला सरळ सांगा की माझा यावर पूर्ण विश्वास नाही, पण तुझ्याबरोबर मला बाबांसाठी बसायचं आहे. साग्रसंगीत जमत नसेल तर तिथीला बाबांच्या नावाने एक पान वाढा, त्यांना आवडायचं ते करा, कावळ्याला घास ठेवा. भाद्रपदातली तिथी चुकली तर सर्वपित्री अमावास्या आहे. अजिबात न करण्याचा पर्यायही आहे, लोक तोही घेतात आणि आनंदाने राहतात. पण तो घरातल्या सगळ्यांशी बोलून घ्यायचा असतो. तुम्ही आईच्या वतीने एकट्याने घेऊन टाकलात. नवरा तिचा गेला आहे. तो गेलाच नाही असं तिला ऐकवण्याचा अधिकार तुम्हाला कुठल्या वहीने दिला?

थोडं तुमच्या तब्येतीबद्दल. अडीच वाजता जाग येते, उजाडेपर्यंत लिहिता, झोप तीन-चार तास, पण ‘थकवा अजिबात वाटत नाही, उलट डोकं विजेसारखं चालतं’ असं तुम्ही लिहिलं आहे. हे मी कौतुकाने वाचू शकत नाही. शोक लांबला की झोप मोडते हे एक. दुसरं म्हणजे कमी झोपेतही अंगात भरपूर जोर वाटणं, विचारांचा वेग वाढणं, आपल्याला काहीतरी विलक्षण सापडलं आहे असं वाटणं, हे एकत्र आलं तर कधी कधी त्यामागे उपचार लागणारी गोष्ट असते. आहेच असं मी म्हणत नाही, पत्रावरून ते ठरतही नाही. पण डॉक्टरांना दाखवा आणि जाताना पत्नीला बरोबर न्या, कारण झोपेचा हिशोब झोपणाऱ्यापेक्षा शेजारच्याला नीट माहीत असतो. आधी फोनवर बोलायचं असेल तर सरकारची टेलिमानस ही मानसिक आरोग्याची सेवा 14416 वर आहे, मोफत, चोवीस तास, मराठीत. यात कमीपणा काही नाही. आणि विचार खरा असेल तर सात तास झोपल्यानेही तो खराच राहील.

वाडीचा निर्णय. आधी एक रुक्ष प्रश्न: सातबाऱ्यावर वारस नोंद झाली आहे का? पत्रात उल्लेख नाही. वडिलांच्या नावावरची जमीन असेल आणि त्यांनी मृत्युपत्र केलेलं नसेल, तर त्यात आईचा आणि तुमच्या बहिणीचाही तुमच्याइतकाच वाटा येतो. म्हणजे मुंबईच्या पार्टीला हो म्हणणं एकट्याच्या हातात नाही आणि वर्षभर लटकत ठेवणंही नाही. तलाठी कार्यालयात किंवा ई-हक्क प्रणालीवर वारस नोंदीचा अर्ज करा आणि बहिणीला फोन करा. अशा पत्रांत बहीण नेहमीच एखाद्या कंसात असते, तुमच्याही आहे.

सगळी वाडी आत्ताच विकू नये असं मला वाटतं. भावनेपोटी नाही, ज्याला जमिनीकडे बघताना वडील दिसतात आणि ते मान्य करायचं नाही, त्याने व्यवहाराला बसलं की एकतर फुकटात जाते नाहीतर भांडण होतं. पण ‘तशीच ठेवा’ हे उत्तरही मला पटत नाही. घरखर्च कसा चालतो, मुलीची फी पुढच्या जूनमध्ये कुठून येणार, हे तुमच्या पत्नीला आकड्यांत माहीत आहे. तिच्यासमोर कागद ठेवा आणि तिला बोलू द्या. ती सिलिंडरबद्दल बोलते तेव्हा ती तुमच्या विचाराची थट्टा करत नाही, ती त्याच्यातली राहून गेलेली बाजू सांगते आहे. घर रोज नव्याने उभं राहतं ते कुणाच्या जिवावर, याचं साधं उत्तर तिच्याकडे आहे. थोडा तुकडा भाड्याने द्यायचा, विकायचा की नाही, हे त्या कागदावर ठरेल. तुम्हाला तिच्या बाजूचं ऐकायचं आहे की तिला तुमच्या बाजूचं पटवायचं आहे? पत्रात दुसराच प्रश्न आहे.

लागवडीचं म्हणाल तर सगळी एकदम करू नका. पोफळ लावल्यापासून फळायला सहा-सात वर्षं सहज जातात, तेव्हा घाई करण्यात अर्थ नाही आणि आणखी उशीर करण्यातही नाही. दक्षिण आणि पश्चिम बाजूला आधी केळी लावा, म्हणजे रोपांना दुपारनंतरची सावली मिळेल. पाटाकडेची जी रोपं दीडेक वर्षाची, पाच-सहा पानांवर आली आहेत, त्यांतली निवडक पुढच्या जूनमध्ये मुळाच्या मातीसकट उचलून नऊ-नऊ फुटांवर लावता येतील. गर्दीत एकमेकांच्या उरावर ती वाढणार नाहीत. बाकीची रोपं लागतील तशी घ्या. श्रीवर्धनला सुपारी संशोधन केंद्र आहे, दापोलीचं कृषी विद्यापीठ फार लांब नाही, तिथे विचारा.

स्वतःचं बियाणं धरायचं असेल तर वादळातून वाचलेल्या जुन्या झाडांची पिकलेली, वजनदार फळं उतरवून पाण्याच्या टाकीत टाका. जी देठाकडची बाजू वर करून उभी तरंगतात ती बाजूला काढा, त्यांची रोपं जोमाची निघतात. आडवी पडणारी खायला. तुमच्या आईला हे माहीत असेल. तुमच्या वडिलांनी ते करताना तिने पाहिलं असेल, कदाचित निवडून तीच देत असेल. तिला विचारा. एवढ्या दिवसांचा अबोला ‘आई, मला क्षमा कर’ने फुटण्यापेक्षा ‘आई, बियाण्याला कुठल्या झाडाची ठेवायची?’ने लवकर फुटेल, असा माझा कयास आहे.

आणि हो, एक गुंठा तुमच्यासाठी सोडा. तिथे काही लावू नका, काही उपटू नका, काय येतं ते बघा. ही माझी चेष्टा नाही. तुमच्या विचाराला बघण्यासाठी जागा हवी. फक्त त्या गुंठ्याला कुंपण घाला, नाहीतर तिथे आपजन्म नाही, शेजाऱ्यांच्या शेळ्या दिसतील. कोकणातल्या देवराया शेकडो वर्षं टिकल्या त्याही गावाने ‘इथे कोयता चालवायचा नाही’ हे ठरवलं आणि पाळलं म्हणून. जिथे पाळणं सुटलं तिथे राई विरळ झाली.

पुस्तकाचं: आत्ता नको. सहा वह्यांचं पुस्तक काढायला पदरचे पैसे घालाल, पाचशे प्रती छापाल, आणि त्यातल्या चारशे पोटमाळ्यावर राहतील. या वर्षी हे वेगळं दुःख कशाला? त्याऐवजी सहा वह्यांची दोन पानं करा. ‘म्हणून’ जिथे जिथे आला आहे तिथे थांबा आणि तो खरोखर येतो का हे तपासा. दोन पानांत न मावणारा सिद्धांत बहुतेक वेळा अजून शिजलेला नसतो. आणि सातवी वही वेगळी घ्या: बाबांनी वाडी कशी राखली ते. पाट कुठून वळवला, कुठल्या माडाला कुठलं खत, मिरवेल कुठल्या पोफळीवर चढवली, वादळाच्या दुसऱ्या दिवशी काय केलं. ही माहिती आज दोन-तीन माणसांच्या डोक्यात आहे आणि ती सगळी म्हातारी आहेत. तशी वही झाली तर मी स्वतः वाचेन.

ज्यांच्या घरात असं माणूस आहे अशांची पत्रंही मला येतात: नवरा एकदम तत्त्वज्ञ झाला, सासरे दिवसभर एकच सिद्धांत सांगतात, मुलगा कुणाशी तरी ऑनलाइन वाद घालत रात्र काढतो. त्यांच्यासाठी थोडंसं. सिद्धांतावर वाद घालू नका, त्यात तुम्ही हरणार, कारण त्याने रात्र-रात्र त्यावर घालवली आहे आणि तुम्ही स्वयंपाक करून आला आहात. हसूही नका. ‘हे पहिल्यांदा कधी वाटलं?’ एवढं विचारा आणि उत्तर पूर्ण ऐका. बहुतेक वेळा त्या तारखेच्या आसपास कुणीतरी गेलेलं असतं, नोकरी सुटलेली असते, काहीतरी मोडलेलं असतं. झोप, जेवण आणि पैशांचे व्यवहार यांवर मात्र डोळा ठेवा. माणूस अचानक मोठाले खर्च करू लागला, अजिबात झोपेनासा झाला किंवा आपल्याला आदेश ऐकू येतात म्हणू लागला, तर चर्चा बंद आणि डॉक्टर. आणि सिद्धांतात काही चांगलं असेल तर तसं मोकळेपणाने म्हणा. आता पुन्हा पत्र लिहिणाऱ्या तुमच्याकडे येते: तुमच्या पत्नीने ते अजून म्हटलेलं नाही असं पत्रावरून वाटतं. म्हटलं तर कदाचित तुम्ही वही थोडा वेळ खाली ठेवाल.

दोन पानं झाली की पाठवा, वह्या नकोत. सोबत पाटाकडेच्या रोपांचं काय दिसलं तेही लिहा.